सांद्रोच्या नावाची मूठ

प्रिय सांद्रो,

तुमच्या मुलीचा, कियाराचा मेल आला आहे. मी सांगते तो कानबाईचा प्रसंग फिल्ममधून का काढायचा, याचं कारण कळल्याशिवाय ती तो काढणार नाही, असं तिने स्पष्ट लिहिलं आहे. मी उत्तर लिहायला बसले. सगळी नोकरी इंग्रजी शिकवण्यात गेली, तरी वाक्यं जुळेनात. मग लक्षात आलं, हे आधी तुम्हाला सांगायला हवं. फिल्म तुमची आहे आणि तिला लावलेला नियमही तुमचाच आहे. म्हणून हे पत्र, तेही मराठीत. तुम्हाला मराठी वाचता येत नव्हतं, पण पुढे पुढे मी मोठ्याने वाचून दाखवलं की कळायचं. तसंच समजा.

तुम्ही गेल्याचं मला कियाराच्या फोनवरून कळलं. आजार बरेच महिने चालला होता म्हणे. एवढ्या महिन्यांत मला एक ओळ पाठवता आली नाही? बाई रागावतील म्हणून लपवलंत? रागावलेच असते.

पहिल्यांदा तुम्ही धुळ्याला आलात ते दुसऱ्याच्या फिल्मचा कॅमेरामन म्हणून. एका परदेशी वाहिनीला कापसावर काहीतरी हवं होतं. आमच्या प्राचार्यांनी मला दुभाषी म्हणून धाडलं, कारण मला इंग्रजी येत होतं आणि अहिराणीही. तुमचा दिग्दर्शक जिनिंगमधल्या बायकांना सांगायला लागला, कॅमेऱ्याकडे बघू नका आणि थकल्यासारख्या दिसा. मी ते सांगितलं. एक बाई म्हणाली, "आम्हू थकेलच शेतस, आखो कसं दिसवानं?" आधीच थकलोय, अजून कसं दिसायचं! मी तिचं बोलणं जसंच्या तसं इंग्रजीत केलं आणि तुम्ही इतके हसलात की कॅमेरा हलला. दिग्दर्शक संतापला. काम संपवून ती मंडळी परत गेली. तुम्ही राहिलात.

पुढे तेच तुमचं आयुष्य झालं. हिवाळ्यात तिकडे जाहिराती, कारखान्यांच्या फिल्म, लोकांची लग्नं, जे मिळेल ते शूट करायचं आणि चैत्र लागला की इकडे यायचं. ना निर्माता, ना मदतनीस. कॅमेरा खांद्यावर, आवाजाचं यंत्र माझ्या गळ्यात. "भर उन्हाळ्यात कशाला मरायला येता हो? दिवाळीनंतर या की!" मी दरवर्षी म्हणायचे. तुमचं उत्तरही ठरलेलं असायचं. "उन्हाळ्यात लोक सावलीत बसतात, बाई. सावलीत बसलेला माणूस बोलतो."

धुळ्याच्या जिनिंगमधल्या त्याच बायकांवर तुम्ही पहिली फिल्म केलीत. मग भुसावळच्या रेल्वे वसाहतीतल्या निवृत्त ड्रायव्हरांवर. मग केळी कापणाऱ्या टोळ्यांवर. तुमच्या इटलीत या फिल्म नावाजल्या, असं कियारा सांगते. आमच्या जळगावात मात्र कॉलेजच्या हॉलमध्ये केळीची फिल्म दाखवली, तेव्हा अर्ध्यातच खुर्च्या वाजायला लागल्या. शेजारचे एक गृहस्थ मला म्हणाले, "मॅडम, यात होतं काय?" मी म्हटलं, "केळीचे घड कापले जातात. तुम्हाला आणखी काय व्हायला हवंय?" तुम्ही मागे उभे राहून ऐकत होतात आणि खूश झाला होतात! मला त्या हॉलची लाज वाटत होती आणि तुम्हाला माझं उत्तर आवडलं होतं.

पण तुमच्या कामातली एक गोष्ट मी इतर कुणात पाहिली नाही. फिल्म तयार झाली की तिचा पहिला खेळ ज्यांची असेल त्यांच्यासमोर. त्यांच्याच अंगणात, दोन बाजांना बांधलेल्या चादरीवर. आणि बघून त्यांच्यापैकी कुणी म्हणालं, एवढं काढा, की तुम्ही काढायचात. का, म्हणून विचारायचं नाही. भुसावळच्या त्या ड्रायव्हरकाकांनी, बायकोच्या आठवणीने रडले तो सगळा भाग काढायला लावला. मी चिडले. तोच तर फिल्मचा जीव होता! तुम्ही दुसऱ्या दिवशी तो भाग कापून मोकळे. मला म्हणालात, "फिल्म माझी आहे, बाई. तोंड त्यांचं आहे."

मी त्या दिवशी तुम्हाला वेडा म्हटलं होतं. अजूनही थोडंसं म्हणेन.

आता अक्कांच्या घराचं. एरंडोलच्या अलीकडच्या त्या गावात तुम्ही किती उन्हाळे काढलेत! अक्का म्हणजे त्या घरातली सर्वांत मोठी बाई. विधवा, खणखणीत आवाजाची, कुणालाही अरे-तुरे करणारी. तुम्हाला चंदू म्हणायची. सांद्रो तिच्या जिभेवर बसेना. मग सगळ्या गावाचे तुम्ही चंदूभाऊ झालात.

त्या वर्षी तुम्ही श्रावणापर्यंत थांबलात. नागपंचमी होऊन गेली होती आणि घरात कानबाई देवी बसायची होती. रोटांसाठी गहू काढायचे होते. आमच्या खानदेशात घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ गहू मोजतात, ते दळून देवीच्या नैवेद्याचे जाड रोट करतात आणि ते फक्त घरच्यांनीच खायचे. पाहुण्याला देत नाहीत, शेजाऱ्याला देत नाहीत, लग्न झालेल्या लेकीलाही नाही. हात धुतलेलं पाणीसुद्धा बाहेर सांडत नाहीत, खड्डा करून त्यात ओततात. हे सगळं मी तुम्हाला ओट्यावर बसून समजावत होते. अक्का सुपासमोर बसून एकेका मुलाचं, नातवाचं नाव घेऊन मुठी टाकत होती. मधेच थांबली.

"चंदू, तुना गावले तुनी मूठ कोन टाकस रे?"

तुझ्या गावी तुझी मूठ कोण टाकतं? मी इंग्रजीत सांगितलं. तुम्ही म्हणालात, "आमच्याकडे कुणी नाही टाकत."

"मंग हाई तुनी," म्हणत अक्काने मूठ टाकली आणि वर पाव मूठ. तिचा पुतण्या उठूनच उभा राहिला. "काकू, तो काय आपला भाऊबंद शे का?"

"भाऊबंद बसतस का मनाजोडे इतला येळ?" अक्का म्हणाली. भाऊबंद तरी बसतात का माझ्यापाशी एवढा वेळ? पुतण्या परत खाली बसला.

आणि मग माझी खरी करमणूक झाली. कानबाईच्या दिवशी तुम्ही आत गेलात. दार लागलं. आणि अहिराणी बोलणारी, त्याच मातीत वाढलेली, तुमची दुभाषी मी अंगणात! आतून हसण्याचे आवाज येत होते. तुम्हाला ते काय बोलतात ते कळत नव्हतं आणि मला सगळं कळत होतं, पण मला आत जागा नव्हती. माझ्या माहेरी धुळ्यालाही कानबाई बसते. लग्नानंतर मला तिथेही रोट मिळालेला नाही. हे मला तेव्हा पटलं नव्हतं आणि आजही पटत नाही.

रोट संपेपर्यंत घर सोडायचं नाही, असं अक्काने बजावलं होतं. त्याच आठवड्यात तुम्हाला तिकडून बोलावणं आलं. मोठा दिग्दर्शक, मोठी कथाफिल्म, छायाचित्रणाची सगळी जबाबदारी तुमची. ज्यासाठी माणसं आयुष्यभर वाट बघतात ते काम. एरंडोलच्या एसटीडी बूथमध्ये तुम्ही ओरडून ओरडून इटालियनमध्ये बोललात आणि बाहेर येऊन घाम पुसलात. मी विचारलं, काय सांगितलंत?

"सांगितलं, घरात कार्य आहे. ते झाल्याशिवाय निघता येणार नाही."

ते काम दुसऱ्याला गेलं. सांद्रो, तुमच्या सगळ्या कारकिर्दीचं वळण त्या बूथमध्ये ठरलं, असं मला वाटतं. पुन्हा तसं बोलावणं आलं नाही. तुम्ही त्याबद्दल कधी बोललाही नाहीत. रोटांसाठी! तुमच्या जागी मी असते तर एसटी पकडून निघाले असते.

अक्का गेल्यालाही आता बरीच वर्षं झाली. तुम्ही त्या घराची फिल्म शेवटपर्यंत जुळवत राहिलात. तुमच्यामागे कियाराने ती पूर्ण केली आणि मला पेनड्राइव्ह पाठवला. मी पिंप्राळ्यात माझ्या हॉलमध्ये बसून पाहिला. शेवटी अचानक ते दार उघडलं, जे माझ्यासमोर लागलं होतं!

आतली खोली. कानबाईसमोर दिवा. कॅमेरा तुम्ही धान्याच्या कोठीवर ठेवलेला आणि चालू ठेवलेला. आणि तुम्ही पंगतीत. मांडी नीट घालता येत नाही, रोट मोडता येत नाही, अक्का तुमच्या हातातून घेऊन मोडून देते आणि काहीतरी म्हणते, सगळं घर हसतं. तुम्हीही तोंड भरलेलं असताना हसता. एवढ्या वर्षांच्या तुमच्या कामात तुम्ही स्वतः दिसता ते एवढंच. इतर सगळीकडे तुम्ही कॅमेऱ्यामागे.

मी ते पुन्हा लावलं. नंतर पुन्हा एकदा. मी रडत नाही, तुम्हाला माहीत आहे. चष्मा काढून ठेवला एवढंच.

कियाराने लिहिलं होतं, "वडील दर उन्हाळ्यात नाहीसे व्हायचे. कुठे जायचे ते मला या टेपमध्ये पहिल्यांदा दिसलं. त्यांच्या जुळणीत ही टेप नव्हती, वेगळ्या डब्यात सापडली. मी ती शेवटी जोडली आहे. जगाने माझ्या वडिलांना एकदा तरी बघावं." मला वाटलं, तुम्हाला वेळ पुरला नसेल, म्हणून राहिली असेल. तिने बरोबरच केलं.

तरी नियम म्हणजे नियम. पहिला खेळ त्यांचा. मी पेनड्राइव्ह पर्समध्ये टाकला आणि एसटीने गावी गेले.

आता अक्कांच्या जागी त्यांची सून इंदूबाई आहे. तिचे यजमान, ज्यांना तुम्ही शंकर म्हणायचात, त्यांना आता सगळे नाना म्हणतात. एरंडोलला दिलेली त्यांची मुलगी सरला खास बघायला आली होती. चादर-बिदर काही नाही, घरात मोठा टीव्ही आहे. दुपारी खिडक्या लावून घेतल्या आणि सुरू केलं. अक्का पडद्यावर येऊन शेळीला शिव्या द्यायला लागली आणि नानांनी टोपी काढून मांडीवर ठेवली.

खोलीचं दार उघडलं तसं इंदूबाईने रिमोट उचलून फिल्म थांबवली.

"बाई, हाई कोन कोन देखनार?"

"सगळे. इटलीत, इतर देशांत. जिथे दाखवतील तिथे."

"नही जमाव," ती म्हणाली. जमायचं नाही.

नाना म्हणाले, "अवं, कोनी रोट खादा का? देखाडा फक्त." कुणी रोट खाल्ला का, फक्त दाखवला.

"नजर बी खास," ती म्हणाली. नजरही खाते.

सरला मधे पडली. "आई, गावातली सगळी पोरं कानबाईच्या मिरवणुकीचे रील टाकतात. त्याला कुणी काही म्हणतं का?"

"मिरवनूक गावनी शे. रोट घरना शेतस."

मग मी सुरू झाले. तुम्हाला माझा आवाज आठवतो, वर्गात चालायचा तो. म्हटलं, इंदूबाई, हा माणूस गेला. ही त्याची शेवटची फिल्म आहे. त्याच्या मुलीला बाप दाखवायचा आहे, तो फक्त इथे दिसतो. हे काढलं तर मागे राहतं काय? कापूस आणि शेळी!

"मंग कापूस आनि शेळी ऱ्हाऊ द्या."

"अहो, तुमच्याच सासूने त्याला घरचा केला ना? सव्वा मूठ टाकून? मग त्याच्या फिल्मला परकं कसं करता?"

इंदूबाई चिडली नाही. रिमोट मांडीवर ठेवून शांतपणे म्हणाली, "हा, बाई. तो घरना व्हता. म्हनीसन तर मजार बठना. पन अक्कानी दुनियानी मूठ टाकेल व्हती का?"

तो घरचा होता, म्हणून तर आत बसला. पण अक्काने जगाची मूठ टाकली होती का?

त्याच वेळी मला कियाराची ओळ आठवली: त्यांच्या जुळणीत ही टेप नव्हती. सांद्रो, तुम्हाला वेळ पुरला नाही असं काही नव्हतंच ना? इतकी वर्षं टेप तुमच्या घरात होती. केळीच्या फिल्ममध्ये नाही, याही फिल्ममध्ये नाही. तुमचा सगळ्यांत सुंदर शॉट, आणि तुम्ही तो कुणाला दाखवलाच नाहीत. हे इंदूबाईने सांगण्याआधीच तुम्हाला कळलं होतं का? मग मला का नाही सांगितलंत? की मीही बाहेरचीच, म्हणून?

"आते आम्हू देखतस," इंदूबाई म्हणाली. "बाई, तुम्हीन जराशा ओटावर बसा. सरला, तू बी." आता आम्ही घरचे बघतो, तुम्ही दोघी ओट्यावर.

"माय!" सरला ओरडली. "मी याच घरमा जलमनू ना!"

"मी हे आधीच पाहिलंय," मी सांगून टाकलं. "माझ्या घरी. तीन वेळा."

"तठे तुमनं घर. आठे मनं घर." तिथे तुमचं घर, इथे माझं.

आम्ही दोघी ओट्यावर बसलो. आतून अक्काचा आवाज आला आणि मग हसणं, टीव्हीतलं आणि खोलीतलं एकमेकांत मिसळलेलं. सरलाने हळूच विचारलं, "बाई, मी आहे का हो त्यात?"

"आहेस. फ्रॉकमध्ये, अक्काच्या मांडीला टेकून. तुझं अर्धं लक्ष चंदूभाऊंच्या नाकाकडे."

"केवढं होतं त्यांचं नाक!" ती हसली, मग म्हणाली, "मी आत आहे आणि मीच बाहेर. बघा आता!"

दार उघडलं. इंदूबाईने बहुतेक ऐकलं असावं. लेकीकडे बघून म्हणाली, "चाल, ये. तवय तू घरनी व्हती." तेव्हा तू घरची होतीस. सरला चप्पल न काढताच आत पळाली आणि दोन शिव्या खाऊन परत काढायला आली.

मी ओट्यावरच राहिले. मला कुणी बोलावलं नाही आणि मी अपेक्षाही केली नाही. हिशेब सरळ होता.

निघताना इंदूबाईने विचारलं, "त्यानी पोरनं लगीन व्हयेल शे का?"

कियारा तिच्या मित्राबरोबर कितीतरी वर्षं एकत्र राहते. ते तुम्हालाच फारसं आवडत नव्हतं, तर इंदूबाईला मी काय सांगणार? मी प्रश्नाला तेवढंच उत्तर दिलं. "नाही, लग्न केलेलं नाही."

"मंग ती घरनी शे," इंदूबाई म्हणाली. "तिना बापनी मूठ शे आठे. ती देखू दे. तिले सांगा, श्रावनमा ये. टीव्हीवर काय देखस, पंगतमा बस म्हना." तिच्या बापाची मूठ आहे इथे, तिला बघू दे; श्रावणात ये आणि पंगतीतच बस म्हणावं.

सांद्रो, तुमच्या मुलीला आता काय लिहायचं ते मला समजलं. तिला वाटतं, जगाने तिच्या वडिलांना बघावं. मी लिहिणार आहे की जगासाठी तुम्ही तिथे बसला नव्हतात. एका मोठ्या कामावर पाणी सोडून बसलात ते घरचे म्हणून बसलात. प्रसंग काढल्याने फिल्म लंगडी होईल हे मला मान्य आहे. ती लंगडीच जाऊ दे. भुसावळचीही तशीच गेली होती आणि तिचं काही बिघडलं नाही.

कियारा लगेच मानणार नाही. ती तुमच्यावर गेली आहे आणि मीही काही मवाळ बाई नाही, तेव्हा थोडी खडाजंगी होईल. पण शब्द देते. ती प्रसंग काढेपर्यंत मी तिच्याशी भांडेन आणि ती आली की जळगाव स्टेशनवर उतरवून घ्यायला मी स्वतः जाईन. तिला अक्कांच्या दारापर्यंत पोहोचवेन. आतलं जे काही असेल ते तिला दुभाष्याशिवायच समजून घ्यावं लागेल. तुम्ही घेतलंत, तीही घेईल.

आवाजाचं यंत्र गळ्यात घालून हिंडलेली,
सुनंदाबाई
पिंप्राळा, जळगाव

दिल्याची नोंद: कानबाईच्या प्रसंगाचा वेगळा पेनड्राइव्ह करून नंतर इंदूबाईंच्या हाती दिला. त्यांनी तो देवघरातल्या डब्यात ठेवला. उरलेल्या फिल्मला त्यांची हरकत नाही, असं नाना आणि सरला यांच्यासमोर म्हणाल्या. मूळ टेप कियाराकडे आहे, ती तिच्याकडेच राहील. कियाराने पाठवलेला पेनड्राइव्ह आणि माझ्या कॉम्प्युटरवरची प्रत काल सकाळी पुसली. माझ्याकडे प्रत नाही.